भारद्वाज गैरहजर

कुसळीच्या गवतातून एकदा नुसतं चालून या. तुम्ही काही तोडत नाही, काही गोळा करत नाही. पण घरी येऊन बघावं तर साडीच्या काठाला शंभर कुसळं! किश्शांचं तसंच आहे. मी कारखान्यात बागकाम करायला गेले होते, किस्से गोळा करायला नाही. चिकटले, त्याला मी काय करू? आता बसले आहे तर एकेक उपटून काढते. कुणाला टोचलं तर टोचलं!

नव्वदच्या दशकातली गोष्ट. बारामतीच्या एमआयडीसीत यंत्रांचे सुटे भाग करणारा एक कारखाना होता, तिथं मी बागेवर लागले. शिक्षण चौथी पास, राहायला जळोचीत, तोंड फटकळ. बागेवर आम्ही दोघीच, मी आणि सुमन. सुमन माझ्याहून पंधरा वर्षांनी लहान, पण जीभ माझ्याच वयाची. गेटावर वॉचमन तात्या. त्यांच्या घरात पूर्वी मेंढरं होती, सगळं लहानपण इंदापूरकडच्या माळावर गेलेलं. आणि आमच्या डोक्यावर ऑफिसचे साहेब. माणूस वाईट नव्हता, पण शहरातला. हिरवं म्हणजे लॉन, एवढंच त्याला ठाऊक.

त्या लॉनचे काय लाड! सकाळी पाणी, संध्याकाळी पाणी, आठवड्याला कटिंग. मी सहा महिने बघितलं आणि एक दिवस विचारलंच, "साहेब, हितं एक पाखरू उतरत न्हाय. फुलपाखरू न्हाय, मुंगळा बी न्हाय. का वो?"

"बाई, लॉन पाखरांसाठी नाही केलेलं. बघायला केलंय."

"मग पाखरं तरी काय येगळं करत्यात? ती बी वरनं बघूनच जात्यात!"

कंपाउंडच्या मागं एक कोपरा पडीक होता. जुनी बाभूळ, दोन बोरी, तरवड, रुई आणि गुडघाभर गवत. टाकीतून ओघळलेलं पाणी तिथं साचायचं. पाखरं सगळी तिथं! साहेबांना तो कोपरा ट्रॅक्टरचं ब्लेड फिरवून साफ करायचा होता. तिथंही लॉन! मी आडवी आले. म्हटलं, "येवढा तुकडा मला द्या. आपल्या मातीतली झाडं लावते. बघू तरी कोण कोण येतंय."

साहेबांनी घड्याळात बघितलं, जसा काही कोपरा घड्याळातच आहे. "पुढच्या दसऱ्यानंतर हेड ऑफिसचे मोठे साहेब येणार आहेत. तोपर्यंत तुमचा. त्यांना दाखवण्यासारखं काही झालं तर ठीक. नाहीतर कोपऱ्यावर ब्लेड, आणि तुम्ही कँटीनला. भांडी घासायला."

"चालंल," मी म्हटलं.

बाहेर आल्यावर सुमन म्हणाली, "अक्का, घरी बी तुमी कधी भांडी घासलेली कुणी बघितली न्हाय. हितं काय घासणार!"

*

बी कुठून आणायचं? नर्सरीत गेले तर सगळीकडं गुलमोहर, सुरू, निलगिरी. बाभूळ मागितली तर नर्सरीवाला हसला. "बाभूळ कोन इकत घेतं वो? ती आपोआप येती."

"मग तुज्याकडं का न्हाय आली?"

तात्यांनी मार्ग सांगितला. "अक्का, बाभळीचं बी लई कडक. नुसतं पुरलं तर वर्षभर हलत न्हाय. शेळीनं शेंग खाल्ली, बी पोटातनं फिरून आलं, की बघ कसं उगवतंय. माज्या भावाच्या गोठ्यात जा."

गेले इंदापूरला. भरलं पोतं. येताना एसटीत कंडक्टर अडला.

"पोत्यात काय?"

"बी."

"कसलं?"

"बाभळीचं."

"बघू." आणि मी 'आवं, आवं' म्हणेपर्यंत त्यानं कोपरापर्यंत हात घातला! मूठभर काढलं, नाकापाशी नेलं. "बाई, ह्या तर लेंड्या हायत!"

"व्हय. बी आत हाय."

"आत म्हंजी?"

"ते पाकीट हाय. फोडून बघा की!"

अख्खी गाडी हसली. बारामती येईस्तोवर कंडक्टरनं सगळी तिकिटं डाव्या हातानं दिली.

*

लेंड्यांनी काम केलं! बाभळी उगवल्या, बोरी उगवल्या, लिंब आणि करंज तर मोजवेनात. साहेब म्हणाले, "जास्तीची रोपं वाटून टाका. गेटावर एक बोर्ड लावा."

मी रंगाचा डबा घेतला. 'देशी झाडं' लिहिणार, तर तात्या ओरडले, "आगं, देशी म्हंजी दारूचं दुकान! लोक काय समजतील?"

बरोबर होतं त्यांचं. मग मी डोकं चालवलं. चौथीत शुद्धलेखनाला माझा पहिला नंबर होता. ठळक अक्षरांत लिहिलं: 'आमच्याकडे अस्सल गावठी मिळेल. पिशवी आपली आणावी.'

पहिली शिफ्ट सुटली. रोज धूळ उडवत जाणाऱ्या मोटारसायकली त्या दिवशी एकामागं एक थांबायला लागल्या. मला वाटलं, बघा, लोकांना झाडांची केवढी आवड! पहिला गडी जवळ आला आणि हळू आवाजात म्हणाला, "अक्का, ताजी हाय का?"

"सकाळीच पानी घातलंय."

त्याचं तोंड उतरलं. "पानी घालता व्हय?"

"रोज दोन टायम!"

तो मागं वळून ओरडला, "चला रं, हितं भेसळ हाय!"

दुसऱ्या दिवशी हवालदार आले. "माल कुठंय?" मी दाखवला. रोपांच्या शंभर पिशव्या ओळीनं लावलेल्या. त्यांनी एक उचलली, वास घेतला.

"कशाची?"

"लिंबाची."

"कडू?"

"लईच!"

हवालदारसाहेब लिंबाचं एक रोप काखेत धरून परत गेले. तिसऱ्या दिवशी साहेबांनी स्वतः नवा बोर्ड करून आणला: 'येथे स्थानिक वृक्षांची रोपे उपलब्ध आहेत.'

त्या दिवसापासून एक माणूस फिरकला नाही!

*

रुईला अळ्या पडल्या. काळे, पिवळे, पांढरे पट्टे. बघत राहावं अशा. चार दिवसांत त्यांनी रुई खराट्यासारखी करून टाकली. साहेबांनी खिडकीतून बघितलं आणि औषध मारायचा हुकूम सोडला.

मला बघायचं होतं, एवढं खाऊन ह्या जातात कुठं? सुमननं पंप पाठीला लावला, दांडा मारला, नुसती हवा.

साहेब म्हणाले, "काय झालं?"

सुमन म्हणाली, "वायसर गेलाय."

"कुठे गेला?"

"गेला म्हंजी गेला!"

वायसर माझ्या कनवटीला होता.

आठवड्यात अळ्या गायब. पानांखाली हिरवे मणी लोंबायला लागले, वर बारीक सोनेरी टिपके. मी एक मणी काडीसकट साहेबांच्या टेबलावर नेऊन ठेवला. म्हटलं, "हे काय हाय ते मला बी म्हाईत न्हाय. पेनांच्या डब्यात उभं करा आन् लक्ष ठेवा."

नवव्या दिवशी साहेब धावत बागेत! मिटिंग चालू असताना मणी उलला होता. "बाई, आतून फुलपाखरू निघालंय, पण उडत नाहीये. चुरगळलंय. सगळे बघत बसलेत. काय करू?"

मला तरी काय माहीत? पण बाळंतिणीच्या खोलीत काय करतात ते माहीत होतं. "वर पंखा चालू हाय का?"

"आहे."

"मग आदी पंखा बंद करा. आन् मिटिंग बी!"

अर्ध्या तासानं ते नारिंगी फुलपाखरू खिडकीतून गेलं. साहेब परत आले, रुईपाशी उभे राहिले, खाली वाकून बाकीचे मणी मोजले. जाता जाता म्हणाले, "बाई, तो वायसर सापडला तरी पंपाला लावू नका."

मी कनवट चाचपली. ह्या माणसाला कधीपासून ठाऊक होतं?

*

पावसाळ्यात बाभळीवर सुगरणींची घरटी लागली. काही पुरी, काही अर्धी, नुसत्या टोपीसारखी. साहेब आता रोज फेरी मारायला लागले होते. म्हणाले, "तात्या, हे काम अर्धवट का सोडलंय?"

"बांधनारा नर असतो, साहेब. निम्मं झालं की मादी येऊन तपासती. तिनं पास केलं तर फुडं."

"आणि नापास केलं तर?"

"तर दुसरं बांधायचं! आमच्यात आनि त्यांच्यात काय फरक न्हाय."

*

हजेरीची गोष्ट मात्र आधीची, कोपरा ताब्यात आला तेव्हाची. साहेब म्हणाले, "बाई, मोठ्या साहेबांना तोंडी सांगून चालणार नाही. काय काय येतंय ते लिहून ठेवा."

कागद कुठाय? त्यांनी कपाटातून कोरं मस्टर काढून दिलं. वर छापलेलं 'कंत्राटी कामगार हजेरीपत्रक', खाली नावाचा रकाना, पुढं एकतीस चौकोन. मला आवडलं! रोज सकाळी कामाच्या आधी मी आणि तात्या बोरीपाशी उभं राहायचो. तात्या नाव सांगायचे, मी लिहायचे. आला तर 'ह', नाही आला तर 'गै'.

पहिलं भांडण सातभाईंवरून झालं. मातकट रंगाची पाखरं, सगळी एकदमच येतात, कलकलाट करतात. मी म्हटलं, "तात्या, एकदा लिहू का सात वेळा?"

"आडनाव एकच हाय, मानसं सात!"

म्हणून मी लिहिलं: सातभाई थोरला, सातभाई मधला, सातभाई धाकटा. बाकीच्या चौघांवर ओळी घालवल्या नाहीत. त्या खाली कोतवाल, तारेवर बसून सगळ्यांवर हुकूम चालवणारा. मग वेडा राघू. मग साळुंकी. मग सुगरण.

सगळ्यात वर मात्र मी भारद्वाज लिहिला होता. काळं अंग, तांबडे पंख, लालभडक डोळे. कुणी त्याला कुंभारकावळा म्हणतात. सकाळी तो दिसला की काम होतं, हे आमच्याकडं कुणालाही विचारा. तात्या म्हणायचे, "अक्का, बाकीची उघड्यावर बी येत्यात. भारद्वाजाला दाट जाळी लागती, पोटाला सरडं-किडं लागत्यात. तो राहिला की समज, तुजं रान झालं."

झालं, मी त्याच्यामागं लागले. बोरींच्या मधे तरवड दाट केला. पालापाचोळा झाडायचं बंद केलं. सुमन म्हणायची, "लग्नाचं स्थळ यायचं असल्यागत करताय!" पण गडी कधी महिन्यातून एकदा दिसायचा, तोही कंपाउंडच्या पलीकडं. पलीकडची हजेरी मी धरत नव्हते. त्याच्या नावापुढं सगळे चौकोन गै, गै, गै.

*

दसऱ्याला साहेबांनी सगळ्यांना ऑफिसात बोलावलं. टेबलावर आपट्याच्या पानांचा ढीग. साहेबांनी मला पानं दिली. "सोनं घ्या, सोन्यासारखं राहा."

मी पानं उलटून बघितली. एक पान कोवळं, कडेला अळीनं गोल कुरतडलेलं. ते भोक मी आठवडाभर रोज बघत होते!

मागं जाऊन बघते तर कोपऱ्यात मी लावलेल्या दोन्ही आपट्यांच्या नुसत्या काड्या उभ्या.

मी परत आले आणि ते पान साहेबांच्या हातात ठेवलं. "साहेब, हे घ्या. चोरीचं सोनं हाय, पन माजंच हाय!"

*

मोठे साहेब येणार म्हणून आमच्या साहेबांनी माझं मस्टर टाइम ऑफिसला पाठवलं, टाइप करून फाइलला लावायला. तिथला कारकून नवा होता. पाखरांमध्ये त्याची ओळख कावळा आणि चिमणीशी, पण कामाला अतिशय चोख. व्हिजिटच्या दिवशी सकाळी नोटीस बोर्डासमोर ही गर्दी! मी घुसले आणि अक्षर लावून वाचलं.

'बाग विभागातील कंत्राटी कामगारांस कळविण्यात येते की:

श्री. भारद्वाज हे वर्षभर सतत गैरहजर आहेत. तीन दिवसांत लेखी खुलासा करावा.

श्री. कोतवाल हे विनापरवानगी रविवारी हजर राहतात. तसे करू नये.

सातभाई (थोरले, मधले, धाकटे): एकाच कुटुंबातील तीन व्यक्ती एका विभागात ठेवता येणार नाहीत.

श्रीमती सुगरण यांची बदली कँटीन विभागात करण्यात येत आहे.

तसेच श्री. राघू यांच्या नावाआधी मस्टरवर 'वेडा' असे लिहिले आहे. सहकाऱ्यांचा असा उल्लेख करणे शोभत नाही.'

कामगारांतला एक पुढारी हात वर करून म्हणाला, "सातभाईंवर अन्याय सहन करनार न्हाय!" तेवढ्यात कँटीनवाला माझ्यापाशी आला. "अक्का, त्या सुगरन बाई कवा येनार? पोहे करायला मानूस न्हाय."

मी त्याला बाभळीखाली नेलं आणि वर बोट केलं. "तिथं राहती."

त्यानं लोंबणारं घरटं बघितलं. तात्यांकडं बघितलं. "हिला पोहे येतात?"

"खायला येतात," तात्या म्हणाले.

मी हसत नव्हते. आज बदलीची पाळी सुगरणीची नव्हती, माझी होती.

*

मोठे साहेब आले. केस पांढरे, कोट काळा, चेहऱ्यावर रेघ हलत नाही. लॉन बघितलं, मान डोलावली. खिडकीतून कोपरा बघितला आणि म्हणाले, "हे काय जंगल? मी जायच्या आत साफ झालं पाहिजे."

आमचे साहेब म्हणाले, "सर, त्यामागे जरा—"

"साफ झालं पाहिजे."

पणदऱ्याहून माती टाकायला आलेला ट्रॅक्टर गेटातच उभा होता. त्याला ब्लेड लावलं आणि कोपऱ्यात आणला. सुमननं बोरीच्या फांद्या हातानं मागं सारून धरल्या, जसं काही लेकराला आवरावं. तिचे हात ओरबाडले, तरी सोडेना. ड्रायव्हर खाली मान घालून बसला. मी ब्लेडसमोर उभी राहिले. पदर कमरेला खोचला.

मोठे साहेब तावातावानं आले. हातात माझं मस्टर. वाटेत नोटीस वाचलेली होती. "ही बाग तुमच्याकडे आहे ना? मग हा भारद्वाज कोण? वर्षभर हजर नाही, तरी मस्टरवर पहिलं नाव? कोणाचा माणूस आहे हा?"

आमचे साहेब म्हणाले, "सर, तो माणूस नाही, तो—" आणि त्यांना खोकला आला.

"मी त्यांना विचारतोय. बोला बाई. कोणाचा आहे?"

"कुनाचाच न्हाय," मी म्हटलं. "त्याच्या मनाचा हाय."

"बोलवा त्याला. आत्ता!"

"बोलवून येत न्हाय, साहेब. वरीस झालं, मी त्याचीच वाट बघतीया. त्याच्यासाठी तर हे सगळं लावलं. तुमी ब्लेड फिरवा आन् मग मस्टरवरनं त्याचं नाव बी काढा. तवर काढू नगा."

ट्रॅक्टरचं इंजिन धडधडत होतं. तात्यांनी ड्रायव्हरला नुसती खूण केली, त्यानं ते बंद केलं.

तेव्हा तरवडाच्या बुंध्याशी पाचोळा वाजला.

आधी काळी शेपटी दिसली. मग तांबडा पंख. मग चोचीत सरडा धरलेलं आख्खं धूड बाहेर आलं आणि पायीपायी निघालं, घाई नाही, भीती नाही. मोठ्या साहेबांच्या बुटांपासून हातभर अंतरावर थांबलं. मान तिरकी करून लाल डोळ्यानं साहेबांना खालून वर बघितलं. मग ब्लेडच्या पुढून चालत बोरीच्या जाळीत शिरलं.

तात्यांनी टाचा जुळवल्या, सलाम ठोकला. "भारद्वाज हजर, साहेब!"

मोठे साहेब त्या जाळीकडं वळले. मग त्यांनी पायातले बूट काढून बाजूला ठेवले. हात जोडले. बूट परत घातले. कोटातून पेन काढलं, मस्टर ट्रॅक्टरच्या बॉनेटवर ठेवलं, पहिल्या नावापुढचा त्या दिवसाचा चौकोन बोटानं शोधला आणि त्यात 'ह' लिहिलं. जरा विचार केला. शेजारी बारीक अक्षरात 'उशिरा' लिहिलं आणि खाली सही केली.

मस्टर माझ्या हातात देत म्हणाले, "बाई, पुढच्या महिन्याचं पान जोडा."